माहुलला भूतही फिरकेना

आपल्याकडे भुतांचे पत्ते ठरलेले. मुंजा पिंपळावर, हडळ विहिरीकाठी, गिऱ्हा पाण्यात, वेताळ गावाच्या वेशीवर. ना भाडं, ना पागडी. पण पिंपळ तोडला, विहीर बुजवली, तर मुंजानं जायचं कुठं? हा प्रश्न मनावर घेतला तो बंगाली सिनेमानं.

सत्यजित राय यांनी ‘गुपी गाइन बाघा बाइन’मध्ये (१९६९) राजे, शेतकरी, गोरे साहेब, ढेरपोटे अशी वर्गवारी लावून भुतं नाचवली. अनीक दत्त यांच्या ‘भूतेर भविष्यत’मध्ये (२०१२) तर भुतांवर घर शोधायची पाळी आली. जुने वाडे बिल्डरच्या घशात चाललेले. म्हणून उरल्यासुरल्या चौधरीवाड्यात जागा मिळावी यासाठी भुतं रीतसर मुलाखती देतात. जमीनदार, इंग्रज साहेब, जुन्या जमान्यातली नटी, रिक्षावाला, नक्षलवादी पोरगा, सगळे मेल्यावर भाडेकरू! दत्त यांचाच ‘भविष्यतेर भूत’ २०१९ला लागला आणि दुसऱ्याच दिवशी बहुतेक थिएटरांतून उतरला. त्याबद्दल सर्वोच्च न्यायालयानं पश्चिम बंगाल सरकारला २० लाखांची भरपाई द्यायला लावली. प्रेक्षक हसले, घाबरलं ते सरकार.

आता मुंबईतल्या माहुलला या. एकीकडे कोळ्यांचं जुनं गाव, दुसरीकडे रिफायनरीची ज्योत आणि मधे प्रकल्पग्रस्तांसाठी उठवलेल्या ७२ इमारती. तानसा जलवाहिनीलगतच्या झोपड्या पाडून २०१७पासून माणसं इथं आणली. डोक्यावर छप्पर आलं, पण नाकात वास, छातीत खोकला, अंगाला खाज. शेवटी २०१९मध्ये उच्च न्यायालयानं बजावलं, इथं कुणाला बळंच धाडू नका, त्यापेक्षा दरमहा १५,००० रुपये भाडं द्या. हजारो खोल्या रिकाम्या राहिल्या. कड्यांना गंज, मीटरच्या पेटीत कबुतरं. २०२५मध्ये महापालिकेनं त्या आपल्याच कर्मचाऱ्यांना १२ लाख ६० हजारांत देऊ केल्या, तरी फारसं कुणी फिरकलं नाही.

कोलकात्याच्या भुतांना इथं मुलाखतीशिवाय प्रत्येकी एक खोली मिळेल. पण जमीनदारबाबू पहिल्याच जिन्यावर नाकाला उपरणं लावून माघारी वळतील, आणि नक्षलवादी पोरगा खालीच मोर्चाला बसेल.

‘झपाटलेला’ आणि ‘पछाडलेला’नं आपल्याला पोट धरून हसवलं. मात्र पुनर्वसनाच्या कचेरीत अर्ज घेऊन उभं राहिलेलं भूत मराठी पडद्यावर यायचंय. कुणी दिग्दर्शक हे वाचत असेल, तर त्यानं माहुलला एक चक्कर टाकावी. सेटचा खर्च वाचेल.