म्हैसमाळहून दिसलेले केदारनाथ

गेल्या श्रावणात आईला घेऊन म्हैसमाळला गेलो. तिचे वय एकोणऐंशी. रक्तदाबाची गोळी चालू, गुडघे झिजलेले. तिची खरी मागणी केदारनाथची होती. नकार देण्यापूर्वी जवळचा डोंगर दाखवून तिचे समाधान करावे, असा माझा काहीसा लबाड हेतू.

छत्रपती संभाजीनगरहून दौलताबाद मागे टाकले की रस्ता घाट चढून खुलताबादला येतो व तेथून म्हैसमाळच्या पठारावर जातो. देवगिरीचा तासलेला कडा, वेरूळची लेणी आणि हे पठार एकाच काळ्या पाषाणाचे आहेत. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थरावर थर साचलेल्या लाव्हारसाचा हा पाषाण. श्रावणात त्यावर हिरवळ दाटते आणि धुके अंगावरून जाते. आई कितीतरी वेळ गाडीची काच खाली करून बसली होती.

गिरिजामातेच्या दर्शनानंतर मात्र तिला घेरी आली. माझ्या मनात नाना शंका आल्या. कारण साधे निघाले. वाटेत स्वच्छतागृह मिळेल की नाही, या धास्तीने तिने सकाळपासून पाणीच घेतले नव्हते! गाडीत इंधन पुरेसे आहे का, हे मी दोनदा पाहिले होते. आईला विचारले नव्हते. याच धास्तीने अनेक ज्येष्ठ लघवीची गोळीही परस्पर टाळतात. निघण्यापूर्वी हे अवश्य विचारावे.

घेरीचा दोष उंचीचा नव्हता. म्हैसमाळ हजार मीटरच्या आसपास. महाराष्ट्रातील सर्वोच्च कळसूबाईही 1646 मीटर. विरळ हवेचा त्रास साधारणतः 2500 मीटरच्या वर सुरू होतो. आपल्या डोंगरांत जपायचे ते शेवाळलेल्या पायऱ्यांना. चढताना बरा पाय आधी, उतरताना दुखरा पाय आधी, आणि हाती काठी.

केदारनाथ 3583 मीटरवर आहे. तेथे हवेतील प्राणवायूचे प्रमाण तेच असते, परंतु दाब घटल्याने प्रत्येक श्वासात तो सुमारे एक तृतीयांशाने कमी मिळतो. हेलिकॉप्टरने पाय वाचतात. पण शरीराला सवय होण्यास लागणारे दिवस मिळत नाहीत. डोकेदुखी, मळमळ झाली तर आणखी वर चढू नये. बसल्या जागी धाप लागली किंवा तोल जाऊ लागला, तर रात्र असली तरी खाली उतरवावे.

हे सारे आईला कड्याजवळच्या बाकावर समजावले. तिने भाजलेले कणीस संपवले, पाणी प्यायली आणि विचारले, "बद्रीनाथला तर गाडी जाते ना रे?"

जाते. तेही 3100 मीटरवर आहे. परंतु वाटेत जोशीमठ 1900 मीटरच्या आसपास लागते, तेथे दोन रात्री थांबता येईल. तिच्या हृदयाची तपासणी पुढच्या आठवड्यात ठरवली आहे.