कोरसमधला माणूस

दिवा जंक्शनवर जलद लोकल थांबू लागली ती डिसेंबर २०१६ मध्ये. भजनाचा मुक्काम तिथं त्याच्या बराच आधीपासून आहे. रत्नागिरी-सिंधुदुर्गातून पोटापाण्यासाठी मुंबईकडे आलेली कुटुंबं परवडणाऱ्या घराच्या शोधात दिव्याला स्थिरावली आणि त्यांच्यासोबत भजन मंडळंही आली. गणपतीच्या तोंडावर दिवा-सावंतवाडी गाडीत बॅगांच्या गर्दीत खोळ चढवलेला पखवाज दिसला, तर तो अशाच कुणाचा तरी असतो.

मंडळात बुवा एक. तो पेटीवर, पट्टी काळी चार नाहीतर पांढरी पाच. पखवाजवाला डाव्या पुडीवर कणीक थापून, थोडी काढून, पुन्हा थोडी लावून आवाज जमवत बसलेला. एक झांजवाला. बाकी सगळा कोरस. त्यात कुणी कुरिअरवाला, कुणी वॉचमन, कुणी कारकून. बहुतेकांचा गळा बेताचाच आणि ते त्यांना पुरतं ठाऊक असतं. डबलबारीत दोन बुवा एकमेकांना सवाल टाकत रात्र गाजवतात. पोस्टरवर फोटो त्यांचेच, फार तर पखवाजवाल्याचं नाव.

तरीही परीक्षकाच्या खुर्चीतून सांगायचं, तर बारी बुडते ती बहुधा कोरसपायी. गजर चढत्या लयीत गेला की बुवाला श्वास घ्यायला जागा हवी असते. ती कोरस देतो. ओळ अर्धी मात्रा उशिरा उचलली की पखवाजवाला घाई करतो, झांज सैल पडते आणि बुवाची महिन्याभराची तयारी पाण्यात जाते. अशा वेळी फार गोड गळ्याचा माणूस उलट अडचणीचा ठरतो. सगळ्यांनी समेवर यायचं असतं, तेव्हा हा आपली हरकत घेत बसतो! कोकणी भजन स्पर्धांत गायक, पेटी, पखवाज, झांज यांच्या जोडीला ‘उत्कृष्ट कोरस’ असंही बक्षीस ठेवतात, ते उगाच नाही. साधारण गळ्यांना मिळून बक्षीस देणारे कलाप्रकार फारसे नाहीत.

पेटीवरच्या माणसालाही बेताचं यश पचवावं लागतं. संगीतकार वासुदेव भाटकरांनी मुलीच्या नावावरून स्नेहल भाटकर हे नाव घेतलं. १९६१ च्या ‘हमारी याद आएगी’मधलं मुबारक बेगम यांनी गायलेलं त्यांचं गाणं आजही लोकांच्या ओठांवर आहे. पण हिंदी सिनेमाच्या संगीतकारांत त्यांची गणना पहिल्या रांगेत झाली नाही. म्हणून त्यांनी पेटी मिटली नाही. भजनी बुवा म्हणून त्यांचा मान वेगळाच राहिला. २००७ मध्ये ते गेले. त्यांना ‘मागे पडलेला संगीतकार’ म्हणणाऱ्यांनी त्यांचं भजन ऐकलेलं नसावं.

दिव्यातल्या मंडळांना एकच विनंती. पुढच्या डबलबारीच्या पोस्टरवर कोरसची नावं छापा. बुवांचे फोटो थोडे लहान करावे लागले तरी चालतील.