“मावशी, तेवढं उपटून टाका ना!”

तुम्ही म्हणाल, अंगणातल्या गवताचं काय ते एवढं पुराण! पण ऐका तर खरं.

नव्या घरापुढं आम्ही हौसेनं हिरवळ लावली. पावसाळा लागताच तिच्यात गाजराच्या पाल्यासारखी रोपं डोकावू लागली, त्यांवर बारीक पांढरी फुलं आली. गाजरगवत आहे हे कळत होतं, पण म्हटलं, बघू सवडीनं. सवड मिळेपर्यंत हिरवळ दिसेनाशी झाली. ह्यांनी विळ्यानं कापून घेतलं, तर बुडख्यापासून पुन्हा फुटून बुटकं असतानाच फुललं!

त्यात पाहुणे यायचे होते. भांडी घासून निघालेल्या मावशींना मी सहज म्हटलं, “तेवढं उपटून टाका ना.” बिचाऱ्यांनी नुसत्या हातांनी तासभर उपटलं. दोन दिवसांनी पाहते तो कोपरापर्यंत पुरळ, पापण्या सुजलेल्या. डॉक्टरांनी पहिलंच विचारलं, “गाजरगवत उपटलंत का?” तीन आठवडे साबण-पाणी बंद. पगार मी पुरा दिला हो; पण त्यांची बाकीची चार घरं? त्यांतल्या दोन घरांनी दुसरी बाई ठेवली.

1955 च्या सुमारास हे गवत पुण्यात प्रथम नजरेस आलं. अमेरिकेहून आणलेल्या गव्हाबरोबर आलं, असं मानतात. एकेका झाडाला हजारो बिया, त्याही वाऱ्या-पाण्याबरोबर पसरणाऱ्या. म्हणून फुलं येण्याआधीच उपटायचं. पाऊस पडून गेला की माती ओली असते, मूळ सगळं निघतं. पण हातमोजे, लांब बाह्या आणि नाकाला फडकं हवंच. फुलावर आलेलं असेल तर कुंपणापलीकडे भिरकावू नका (मी तेही केलं होतं!), खतातही घालू नका; पोत्यात बांधून ठेवा. मिठाचं दाट पाणी फवारलं की ते मरतं, पण हिरवळही मरते. कुंपणाकडेला आम्ही टाकळा पेरला. त्याच्या गर्दीत याला वाव मिळत नाही, शिवाय कोवळ्या पानांची भाजी होते.

आता दर पावसाळ्यात उपटायला मीच बसते. मावशी आहेत अजून, पण अंगणात उतरत नाहीत. पायरीवरूनच ओरडतात, “वहिनी, जास्वंदीखाली एक राहिलंय बघा!”