काडेपेटीतील रंग

काडेपेटी ही संसारातील अगदी अल्पमोली वस्तू. पण आपल्या चित्रपटसृष्टीने तिच्यातून दोनदा नवल घडविले आहे. दादासाहेब फाळक्यांनी 1915 साली ‘आगकाड्यांची मौज’ या लघुपटात निर्जीव काड्यांना पडद्यावर सजीव केले. तो पट आज उपलब्ध नाही. 2006 साली मुंबईच्या गीतांजली राव यांनी काडेपेट्यांवरील छापील चित्रांतूनच ‘प्रिंटेड रेनबो’ उभारला.

जे. जे.मध्ये उपयोजित कला शिकलेल्या या बाईंनी चित्रे हालती करण्याची विद्या स्वतःच्याच बळावर संपादिली. पडद्यावरून एका सेकंदास 24 चौकटी सरकतात. पंधरा मिनिटांच्या पटास त्या 21,600 होतात. हा डोंगर त्यांनी बहुतांशी एकटीने उपसला. कान येथील समीक्षक-सप्ताहात त्यास तीन पारितोषिके लाभली. पुढे 2019 साली व्हेनिसचा समीक्षक-सप्ताह त्यांच्याच ‘बॉम्बे रोझ’ने सुरू झाला.

‘प्रिंटेड रेनबो’त एक वृद्धा, तिचे मांजर आणि एक करडी खोली एवढेच जग आहे. काडेपेटीवरील चित्रात ती शिरली, की मात्र रंग उसळतात. मुले परदेशी गेल्यापासून नागपुरातील माझे घरही उन्हाळ्याच्या दुपारी असेच निःशब्द असते. म्हणून ही म्हातारी मला परकी वाटत नाही. कल्पनाविलास म्हणजे जीवनापासून पलायन, असे वर्गात कोणी म्हटले, की मी तिचेच उदाहरण देतो. ती खोली सोडून पळत नाही. तिथेच राहता यावे, म्हणून रंग जमविते.