डॉ.

आमचे अण्णा पेंटर. देवळालीची हवा कोरडी, म्हणून छातीच्या विकाराची माणसं मुंबईहून इथल्या सॅनिटोरियममध्ये येऊन राहायची, आणि पेशंट आले की डॉक्टर आलेच. आमची निम्मी चूल दवाखान्यांच्या पाट्यांवर पेटायची. 'श्री'च्या आधी मी 'डॉ.' शिकलो. पत्र्यावर खडूची दोरी ताणून रेघा पाडायच्या, मग ब्रश. "आधी ड चं पोट बसू दे, चंद्राची घाई नको," अण्णा म्हणायचे. चंद्र कान्याला चिकटला की अक्षर नाक चोंदल्यासारखं दिसतं. टिंब मात्र ब्रश टेकवून एकदाच फिरवायचं. दुसऱ्यांदा हात लावला की ओघळलंच.

1989 ला लोकसभेची भिंत मिळाली, भगूरच्या रस्त्याला एका वखारीची. कमळ, आणि शेजारी डॉ. दौलतराव आहेर. ते निवडून आले. दीड वर्षात लोकसभा मोडली. 1991 ला भिंत तीच, चुन्याची बादलीही तीच; आता पंजा आणि डॉ. वसंतराव पवार. मी कमळावर चुना मारला, नाव बुजवलं आणि 'डॉ.' तसंच राहू दिलं. अण्णा लांबून बघून एवढंच म्हणाले, "तेवढा रंग वाचला."

तेही निवडून आले. दोन्ही पक्षांना या टिंबाची किंमत कळली होती म्हणायची. पुढारी बोलतो आणि डॉक्टर ऐकतो, अशी आपल्याकडे समजूत. सभा संपल्यावर म्हाताऱ्या बायका उमेदवारापुढे गुडघे घेऊन उभ्या राहायच्या, ते मी शिडीवरून पाहिलंय. रस्ता, पाणी कुणी काढायचं नाही; "रात्री ठणकतंय" हेच.

1995 ला युतीचं सरकार आलं आणि आहेर राज्याचे आरोग्यमंत्री झाले. दवाखान्यात एकाची जीभ बघायची, मंत्रालयात सगळ्या महाराष्ट्राची. ते कसं जमत असेल, मला अजून कोडं आहे. त्याच डिसेंबरात देशभर पल्स पोलिओ सुरू झाला आणि मी एक भिंत केली: पिवळी जमीन, बाळाचं उघडं तोंड, वरून पडणारे दोन थेंब. त्या भिंतीवर कुणाचंच नाव नव्हतं. माझ्या हातची सगळ्यात चांगली भिंत तीच. पुढे 1998 ला आरोग्य विज्ञान विद्यापीठ नाशिकला आलं, म्हसरूळला. राज्यातल्या बहुतेक नव्या डॉक्टरांची पदवी आता आमच्याच शहरातून निघते. वसंतरावांचं नाव आडगावच्या मेडिकल कॉलेजवर लागलं. ती पाटी काही मला मिळाली नाही.

मधल्या काळात निवडणूक आयोगात शेषन आले आणि निवडणुकीच्या भिंती पांढऱ्या राहू लागल्या. मग फ्लेक्स आला. 2016 च्या जानेवारीत आहेर गेले, तेव्हा श्रद्धांजलीचा फ्लेक्स माझ्या मुलाने संगणकावर केला. 'डॉ.'चा चंद्र आपोआप बसला होता, अगदी बरोबर जागी. मला तो परका वाटला.

'डॉ.'ने नेहमीच तारलं असंही नाही. 2024 ला शेजारच्या दिंडोरीत केंद्रात आरोग्य राज्यमंत्री असलेल्या डॉ. भारती पवार हरल्या, त्या भास्कर भगरे सरांकडून. आणि तिथेच दुसऱ्या एका अपक्ष भगरे 'सरां'नी तुतारी चिन्हावर लाखाच्या वर मतं घेतली! नावाला लागलेल्या अक्षराचा महिमा पेंटरइतका कुणाला कळणार?

परवा एक तरुण आला. वाढदिवसाचा फ्लेक्स, दहा बाय आठ. नावाआधी 'डॉ.' हवं म्हणाला.

"दवाखाना कुठे तुमचा?"

"दवाखाना नाही काका, मानद आहे."

मुलाने दोन बटणं दाबली, झालं. तरुण पडद्यावर वाकून बघत राहिला. "टिंब जरा मोठं करता येईल?"