शिल्लक पुढे न ओढणारा खेळ

कापडाच्या दुकानाची किल्ली मुलाच्या हाती देऊन आता दीड वर्ष झाले. चाळीस वर्षे गल्ल्यावर घालवलेला माणूस घरी बसला, की त्याच्यापुढे पहिला प्रश्न उभा राहतो तो पैशाचा नव्हे, हातांचा. तागे उलगडून मीटर टाकण्याची सवय झालेले हात रिकामे राहत नाहीत. नातवाच्या हातात मावणाऱ्या गेम-यंत्रावर जुना ‘पॅक-मॅन’ आहे. तो शाळेत गेला, की ते यंत्र माझ्याकडे येते.

हा खेळ १९८० साली जपानच्या नामको कंपनीत तोरू इवातानी यांनी रचला. त्या काळी खेळघरांत नेमबाजीचे राज्य होते. स्त्रियांनाही तेथे यावेसे वाटावे, म्हणून त्यांनी मारण्याऐवजी खाण्याची कल्पना घेतली. चक्रव्यूहात २४० लहान ठिपके आणि ४ मोठे. ते सारे टिपायचे, आणि मागे चार भुते. मोठा ठिपका खाल्ला, की थोडा वेळ भुतांनाच गिळता येते. पण गिळलेले भूतही नुसत्या डोळ्यांनिशी घरी परतते आणि पुन्हा उभे राहते. पुढच्या पायऱ्यांवर ही सवलत आखडत जाते व शेवटी उरतच नाही.

चारही भुते सारखीच धावतात, असे नवख्याला वाटते. वस्तुतः तांबडे थेट पाठलाग करते. गुलाबी आपल्यापुढची चार घरे हेरते. निळ्याची चाल तांबडे कोठे आहे यावरही ठरते. नारिंगी दुरून अंगावर येते आणि जवळ आले, की आपल्या कोपऱ्याकडे वळते. बाजारपेठेत आयुष्य गेलेल्या माणसाला हे चौघे अनोळखी नाहीत. समोरासमोर भाव पाडणारा, आपण जाणार तेथे आधीच माल घेऊन बसणारा, दुसऱ्याच्या चालीवरून आपली चाल ठरवणारा आणि सौदा जवळ आला की मागे सरणारा, असे चौघेही मला पेठेत भेटले आहेत. त्यांच्या पाठलागात नशिबाचा भाग नसतो. नियम असतो, आणि तो घाई न करणाऱ्यालाच दिसतो.

या खेळाला विजयाचा शेवट नाही. मूळ यंत्रात २५६ व्या पायरीला पडद्याचा उजवा अर्धा भाग निरर्थक अक्षरांनी भरून जातो व पुढची वाट बंद होते, कारण पायरी मोजणाऱ्या आकड्याला २५५ पलीकडे जागाच ठेवलेली नव्हती. वीज गेली, की सर्वाधिक गुणांचा आकडाही पुसला जाई.

वहीच्या प्रत्येक पानाअखेर शिल्लक पुढे ओढणाऱ्या माझ्यासारख्याला हे फार काळ खटकत राहिले. मग लक्षात आले, की पेढीची शिल्लक पुढे ओढता येते, माणसाची नाही. ग्राहकांच्या चेहऱ्यांवरून मी जे शिकलो, ते माझ्या मुलाच्या खात्यावर आपोआप जमा होत नाही. त्याचा डाव शून्यापासूनच सुरू होतो, आणि त्याच्या चक्रव्यूहात मी दिशा दाखवू लागलो, तर तो त्याचा डाव राहत नाही.

परवा रात्री जेवताना त्याने एका जुन्या गिऱ्हाइकाची उधारी थकल्याचे सांगितले. त्या घराण्याशी आमचा तीन पिढ्यांचा व्यवहार. उत्तर माझ्या ओठांवर आले होते. मी विचारले, “तू काय ठरवले आहेस?” तो थोडा थांबला आणि बोलू लागला. त्याने जे ठरवले होते, ते मी केले नसते. पण त्याने नीट विचार केला होता. मी ताटातली पोळी मोडली आणि शेवटपर्यंत ऐकून घेतले.