निकालाआधीचं गाणं

काही गाणी वेळेवर यावी लागतात. नंतर आली, तर ती चांगली असूनही आठवणींच्या खात्यात जमा होतात. गायक नील यंगचं ‘ओहायो’ वेळेवर आलं, आणि त्याचं सगळं बळ मला त्या वेळेतच दिसतं.

30 एप्रिल 1970 रोजी राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी अमेरिकी फौजा कंबोडियात शिरत असल्याचं जाहीर केलं. संपेल म्हणून सांगितलेलं व्हिएतनामचं युद्ध आणखी पसरणार, हे कळताच विद्यापीठं पेटली. 4 मेला ओहायो राज्यातल्या केंट स्टेट विद्यापीठाच्या आवारात नॅशनल गार्ड या राज्याच्या राखीव दलाच्या जवानांनी 13 सेकंदांत 67 गोळ्या झाडल्या. चार विद्यार्थी गेले, नऊ जखमी झाले. मेलेल्यांपैकी जवानांना सर्वांत जवळ असलेला मुलगाही सुमारे 265 फुटांवर होता. दोघं तर निदर्शनांत सामीलच नव्हते. त्यांतला एक स्वतः लष्करी प्रशिक्षण घेणारा विद्यार्थी होता.

‘लाइफ’ साप्ताहिकातली या गोळीबाराची छायाचित्रं पाहून यंगनं गाणं लिहिलं. 21 मेला लॉस एंजेलिसच्या रेकॉर्ड प्लांट स्टुडिओत क्रॉस्बी, स्टिल्स, नॅश आणि यंग या चौघांच्या बँडनं ते एकत्र उभं राहून, जवळजवळ मैफलीत वाजवावं तसं, मोजक्या प्रयत्नांत ध्वनिमुद्रित केलं. जूनमध्ये अटलांटिक कंपनीनं त्याची सिंगल बाजारात आणली. सात इंची तबकडी, एका बाजूला हे गाणं, दुसऱ्या बाजूला स्टिल्सचं ‘फाइंड द कॉस्ट ऑफ फ्रीडम’. अख्खा अल्बम तयार व्हायला महिने गेले असते. सिंगल तेवढी थांबत नाही.

त्यासाठी पदरचं काही सोडावंही लागलं. याच चौघांचं, नॅशनं लिहिलेलं ‘टीच युवर चिल्ड्रन’ तेव्हा लोकप्रियतेच्या यादीत वर चढत होतं. एकाच वेळी आपलीच दोन गाणी रेडिओवर भिडवायची म्हणजे पहिल्याचा पाय ओढायचा. तरी नॅश ‘ओहायो’च्या बाजूनं राहिला. मुलांना वाढवण्याविषयीच्या गाण्यानं मारल्या गेलेल्या मुलांच्या गाण्यासाठी वाट मोकळी केली, हे मला त्या उन्हाळ्यातलं सर्वांत हृद्य दान वाटतं.

गाणं तीन मिनिटांचंही नाही. गिटारच्या दोन्ही टोकांच्या तारा खाली उतरवलेल्या, त्यामुळे पहिलाच झणत्कार खर्जात जड होऊन येतो. मेलेल्यांची नावं शब्दांत नाहीत; नाव आहे ते निक्सनचं. राष्ट्राध्यक्षांचं नाव असं सरळ घेतल्यामुळे अनेक एएम केंद्रांनी गाणं वाजवायला नकार दिला, एफएम केंद्रांनी ते उचललं, आणि ते बिलबोर्डच्या यादीत 14व्या क्रमांकापर्यंत पोचलं. शेवटाकडे क्रॉस्बीचा आवाज सुरांची चौकट मोडून नुसता आक्रोश होतो. ध्वनिमुद्रण संपल्यावर तो रडला, असं यंगनं पुढे नोंदवलं आहे.

या घाईचं मोल कळायला त्या दिवसांतला एक आकडा आठवावा लागतो. गोळीबारानंतर घेतलेल्या जनमत चाचणीत 58 टक्के अमेरिकनांनी दोष विद्यार्थ्यांना दिला होता. म्हणजे लोकांनी निकाल देऊन टाकला होता, न्यायालयांचा यायचा होता. अशा वेळी चार लोकप्रिय गायकांनी मेलेल्यांची बाजू घेतली. इतिहासानं कौल दिल्यावर त्या बाजूला उभं राहणं सोपं असतं. कौल उलटा असताना उभं राहण्याला मी धैर्य म्हणतो.

पण घाईत सुटलेलंही पाहायला हवं. 15 मेला मध्यरात्र उलटताच मिसिसिपीतल्या जॅक्सन स्टेट या कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांच्या महाविद्यालयात पोलिसांनी वसतिगृहावर गोळ्यांचा वर्षाव केला. दोन तरुण मेले, एक 21 वर्षांचा, दुसरा 17 वर्षांचा शाळकरी मुलगा. ‘ओहायो’ ध्वनिमुद्रित झालं ते त्यानंतर सहा दिवसांनी. त्या दोघांसाठी रेडिओवर असं गाणं वाजलं नाही. केंट स्टेटमध्ये तेव्हा शिकणारा, पुढे ‘डीव्हो’ हा बँड काढणारा जेराल्ड कसाले याला तर या गाण्यात श्रीमंत गायकांची कमाई दिसली होती. केंट स्टेटमध्ये मेलेल्यांपैकी दोघं त्याच्या ओळखीचे होते. या मृत्यूंतून आपला लाभ झाला, याची बोच यंगनंही नंतर बोलून दाखवली.

हे आक्षेप मला खरे वाटतात, आणि तरी गाणं लहान होत नाही. संतापाच्या गाण्यानं सगळा हिशेब मांडावा, अशी अपेक्षा मी करत नाही. मांडायला बसलं असतं, तर ते जूनमध्ये आलंच नसतं. गाणाऱ्यानं वेळेवर हाक द्यावी. उरलेलं काम ऐकणाऱ्याचं आहे: ज्या मृत्यूंच्या वाट्याला गाणं आलं नाही, त्यांची विचारपूस करणं. ‘ओहायो’ ऐकून ज्याला जॅक्सन स्टेटविषयी विचारावंसं वाटतं, त्याच्यापर्यंत हे गाणं पुरतं पोचलं असं मी मानतो.